मेइतेत्सु नागोया: दोन मार्गिकांच्या स्थानकात रोजची प्रवासी होताना

पुण्याच्या वाहनउद्योगातल्या अभियंत्यांना कामानिमित्त जपानला पाठवले जाते, तेव्हा त्यांच्यापैकी बरेच जण आइची प्रांतात येऊन पोहोचतात. मीही तशीच नागोयाला आले. कार्यालय शहराच्या मुख्य स्थानकापासून चालत जाण्याच्या अंतरावर होते आणि भाड्याचे घर मिळाले ते उत्तरेला, इनुयामा मार्गावरच्या इवाकुरा या लहानशा शहरात. या दोहोंना जोडणारी गाडी नागोया रेल्वेची, म्हणजे ज्या खासगी कंपनीला सगळे ‘मेइतेत्सु’ म्हणतात तिची, आणि तिचे नागोयातले स्थानक जमिनीखाली आहे. जेआर या दुसऱ्या मोठ्या रेल्वे कंपनीच्या प्रचंड जुळ्या मनोऱ्यांच्या बाजूला, इमारतींच्या पोटात दडलेले हे स्थानक रस्त्यावरून मुळीच दिसत नाही. सुमारे ४४० किलोमीटर लांबीच्या जाळ्याचे हे मुख्य स्थानक, पण त्यात मार्गिका आहेत अवघ्या दोन: एक उत्तरेकडे जाणारी आणि एक दक्षिणेकडे जाणारी. जपानमधले लोकसुद्धा या स्थानकाला गोंधळात टाकणारे म्हणतात. इथली रोजची प्रवासी होण्याची रीत मी कशी शिकले, ते क्रमाने लिहून ठेवावे असे फार दिवस मनात होते.

सुरुवात पासापासून झाली. जपानमध्ये बहुतेक कंपन्या घर ते कार्यालय या प्रवासाचा खर्च वेगळा भत्ता म्हणून देतात आणि महिन्याला १,५०,००० येनपर्यंत त्यावर कर लागत नाही. पण त्यासाठी आपण कोणत्या मार्गाने येणार हे आधी लेखी कळवावे लागते आणि तो मार्ग सोयीचा व किफायतशीर आहे हे कार्यालयाला पटावे लागते. इवाकुराहून शहरात यायला दुसराही एक मार्ग आहे. इनुयामा मार्गावरच्या काही गाड्या कामी-ओताइ येथून थेट त्सुरुमाइ या भुयारी मेट्रोमार्गावर जातात. माझे कार्यालय मात्र नागोया स्थानकाजवळ असल्याने सरळ मेइतेत्सु नागोयापर्यंतचाच मार्ग मंजूर झाला. पास एक, तीन किंवा सहा महिन्यांचा निघतो. सहा महिन्यांचा सर्वांत स्वस्त पडतो, म्हणून कार्यालये बहुधा त्याच हिशेबाने पैसे देतात.

पासाच्या खिडकीवर भरून द्यायचा अर्ज एका पानाचा होता: कुठून कुठपर्यंत, कोणत्या तारखेपासून, किती महिने, आणि नाव, जन्मतारीख, दूरध्वनी. नाव काताकाना लिपीत लिहायचे असते. कार्यालयातल्या सहकारी बाईंनी माझे आडनाव त्या लिपीत कसे बसवायचे ते आदल्या दिवशीच एका चिठ्ठीवर लिहून दिले होते आणि ते बँकेच्या पुस्तकात असेल तसेच सगळीकडे लिहा, असेही बजावले होते. परक्या देशात नावाची दोन रूपे झाली की पुढे प्रत्येक खिडकीवर खुलासे करत बसावे लागते, त्यामुळे ती सूचना मोलाची ठरली. पास ‘मानाका’ या कार्डावर निघतो. हे कार्ड या भागात २०११ साली आले आणि २०१३ पासून ते देशातल्या इतर मोठ्या शहरांच्या गाड्यांमध्येही चालते. कार्डासाठी ५०० येन अनामत घेतात आणि पासाची हद्द व मुदत कार्डाच्या दर्शनी बाजूवर छापून मिळते. मुदत वाढवली की यंत्र तेच कार्ड आत घेते, जुनी अक्षरे पुसते आणि नवी तारीख छापून परत देते. हातात येते तेव्हा ते किंचित कोमट असते. कार्ड हरवले तरी नोंद नावावर असल्याने पास पुन्हा मिळू शकतो. पासाच्या हद्दीतल्या कोणत्याही मधल्या स्थानकावर कितीही वेळा उतरता येते, हा त्याचा आणखी एक उपयोग. दोन टोकांमधला सगळा पट्टा आपला होतो आणि सुटीच्या दिवशी त्याचे महत्त्व कळते.

एवढे झाले की फाटक उघडते, पण खरे शिकणे फाटकाच्या पलीकडे आहे, कारण या स्थानकात गाडी शोधण्यापेक्षा आपण उभे राहायची जागा शोधणे अधिक महत्त्वाचे असते.

स्थानकाची रचना आधी सांगते. दोन मार्गिका आणि तीन फलाट. पश्चिमेकडचा फलाट क्रमांक १ हा उत्तरेकडे, म्हणजे इचिनोमिया, गिफू, इवाकुरा, इनुयामा, त्सुशिमा इकडे जाणाऱ्यांना चढण्यासाठी आहे. पलीकडचा क्रमांक ४ हा दक्षिणेकडे, म्हणजे तोयोहाशी, विमानतळ, कोवा, उत्सुमी इकडे जाणाऱ्यांसाठी. या दोन मार्गिकांच्या मध्ये जो फलाट आहे, त्याच्या एका कडेला क्रमांक २ आणि दुसऱ्या कडेला क्रमांक ३ दिलेला आहे. तिथे प्रामुख्याने उतरायचे असते, आणि ज्यांनी आरक्षित जागेच्या खास डब्याचे जादा तिकीट काढले आहे त्यांनी तिथूनच चढायचे असते. म्हणजे गाडी आली की तिच्या दोन्ही बाजूंची दारे उघडतात. उतरणारे मधल्या फलाटावर बाहेर पडतात, चढणारे बाहेरच्या फलाटावरून आत शिरतात आणि दोघांची एकमेकांशी धडक होत नाही. गर्दीच्या वेळी दर दोन-अडीच मिनिटांनी गाडी असते, त्यामुळे एका गाडीला थांबायला मिनिटभरच मिळतो. डोंबिवलीहून दादरला ये-जा करून वाढलेल्या माझ्यासारखीला चढणारे आणि उतरणारे यांना वेगळी बाजू मिळणे ही केवढी मोठी गोष्ट आहे, हे कुणी समजावून सांगावे लागत नाही.

दोनच मार्गिका असूनही हे कसे जमते, याचे उत्तर इतिहासात आहे. १९३५ साली नागोयाच्या पश्चिमेकडची आणि पूर्वेकडची अशा दोन वेगळ्या रेल्वे कंपन्या एकत्र येऊन आजची कंपनी झाली. पश्चिमेकडचा मार्ग १२ ऑगस्ट १९४१ रोजी शहराच्या मध्यभागी जमिनीखाली आणला गेला आणि ‘शिन-नागोया’ हे स्थानक सुरू झाले. तेव्हा ते टोकाचे स्थानक होते. १९४४ च्या सप्टेंबरात, महायुद्ध ऐन भरात असताना, तिथून पूर्वेकडच्या जिंगू-माए स्थानकापर्यंतचा जोडमार्ग पुरा झाला. तरीही गाड्या आरपार जाऊ शकत नव्हत्या, कारण पश्चिमेकडच्या तारांमध्ये ६०० व्होल्ट आणि पूर्वेकडच्या तारांमध्ये १,५०० व्होल्ट अशी दोन बाजूंची वीजच निराळी होती. १९४८ साली पश्चिमेकडच्या मुख्य मार्गांचा दाब वाढवून तो १,५०० व्होल्ट करण्यात आला आणि तोयोहाशीपासून गिफूपर्यंत गाडी न बदलता जाता येऊ लागले. तेव्हापासून हे स्थानक मधले झाले. गाडीला इथे थांबून दिशा बदलावी लागत नाही, मोटरमनला एका टोकाकडून दुसऱ्या टोकाकडे चालत जावे लागत नाही. ती एका तोंडाने येते आणि दुसऱ्या तोंडाने निघून जाते. टोकाच्या स्थानकात एवढ्या गाड्या हाताळायच्या तर फलाटांची रांगच लागेल. स्थानकाचे आजचे नाव २००५ च्या जानेवारीत आले, विमानतळाकडे जाणारा मार्ग त्याच सुमारास सुरू झाला आणि फेब्रुवारीत खुद्द विमानतळ.

संध्याकाळचा फलाट क्रमांक १ शिकवला तो त्याच सहकारी बाईंनी. त्यांचे घर इनुयामाच्या बाजूला असल्याने आमचा मार्ग एकच होता. आम्ही ‘नाना-चान’ जवळ भेटलो. ही ६ मीटरांहून उंच पांढरी पुतळी १९७३ पासून तिथल्या पदपथावर उभी आहे, तिचे कपडे अधूनमधून बदलतात, आणि नागोयात कुणाला भेटायचे ठरले की बहुतेक वेळा ठिकाण तिच्या पायांशीच ठरते. फलाटावर उतरताना बाईंनी मला एवढेच सांगितले, “गाडीकडे पाहू नका. आधी पाटीवरचा रंग बघा, मग पायाखालचा.”

हे म्हणणे किती नेमके होते ते पुढे दिसले. एकाच मार्गिकेवरून गिफूची, इनुयामाची आणि त्सुशिमाची गाडी एकामागून एक सुटते. या सगळ्यांचे प्रवासी एकाच जागी उभे राहिले, तर आलेल्या गाडीत ज्यांना जायचे नाही असे लोक दारासमोर अडून राहतील आणि दोन मिनिटांचे गणित पहिल्याच गाडीला कोलमडेल. म्हणून प्रत्येक दिशेला एक रंग दिलेला आहे. त्या रंगाच्या खुणा फलाटाच्या जमिनीवर आहेत, आणि इंडिकेटरवर प्रत्येक गाडीच्या नावाच्या ओळीत त्याच रंगाने उभे राहण्याची जागा दाखवलेली असते. सर्वांत महत्त्वाचे म्हणजे वेगवेगळ्या दिशांच्या गाड्या मुद्दामच वेगवेगळ्या जागी थांबवल्या जातात. दोन, चार, सहा, आठ अशा डब्यांच्या गाड्या येतात, त्यामुळे गाडीत किती डबे आहेत तेही पाटीवर बघून घ्यावे लागते. दोन डब्यांच्या गाडीसाठी फलाटाच्या टोकाला उभे राहून उपयोग नाही.

आम्ही आमच्या रंगाच्या पट्टीवर रांगेत उभ्या होतो. पुढे गणवेशातली दोन मुले, त्यांच्या पुढे हातात छत्री गुंडाळून धरलेले एक गृहस्थ. बोगद्यातून आधी वारा आला, मग दिवे दिसले आणि गिफूला जाणारी लाल गाडी आत आली. ती आमच्या समोरून सरकत पुढे गेली आणि थांबली तेव्हा आमच्या रांगेसमोर डब्याची बाजू होती, दार नव्हते. दार होते चार पावलांवर, दुसऱ्या रंगाच्या पट्टीसमोर. तिथली रांग आत गेली. आमच्या रांगेतल्या कुणी मान वळवली नाही, पाऊल हलवले नाही. दारे बंद झाली, गाडी गेली, आणि पाटीवरच्या ओळी एक घर वर सरकल्या. पुढची गाडी आमची होती. ती थांबली तेव्हा दार नेमके छत्रीवाल्या गृहस्थांच्या समोर उघडले. मोटरमनने गाडी थांबवण्यात हातभराचीही चूक केली नव्हती, आणि त्याच्या अचूकपणावर विसंबूनच शेकडो माणसे आधीपासून ठरल्या जागी उभी होती. या स्थानकाचे वेळापत्रक जितके गाड्यांवर चालते, तितकेच ते फलाटावर योग्य जागी उभ्या असलेल्या माणसांवरही चालते, हे मला त्या संध्याकाळी पटले आणि आजवर त्याबद्दलचे माझे मत बदललेले नाही.

रंगाइतकेच गाडीच्या प्रकाराकडे लक्ष द्यावे लागते. साध्या गाडीपासून विमानतळाला जाणाऱ्या ‘म्यू स्काय’पर्यंत एकूण सात प्रकार आहेत. म्यू स्कायचे सगळेच डबे आरक्षित, आणि ती वेगवान वेळापत्रकात २८ मिनिटांत विमानतळाला पोहोचते. लिमिटेड एक्सप्रेसच्या पुष्कळ गाड्यांत मात्र सहापैकी दोन डबे खास जादा तिकिटाचे आणि उरलेले नेहमीच्या भाड्याचे असतात, म्हणजे पासवर चालणारे. हे ठाऊक नसले तर नवखा माणूस लिमिटेड एक्सप्रेस हे नाव वाचूनच विनाकारण मागे हटतो. त्यात भर म्हणजे काही गाड्यांचा प्रकार वाटेत बदलतो. शहरातून एक्सप्रेस म्हणून निघालेली गाडी पुढच्या एखाद्या स्थानकापासून साधी होऊन प्रत्येक ठिकाणी थांबू लागते, आणि काही गाड्या आपल्या प्रकाराला न शोभणाऱ्या स्थानकावरही खास म्हणून थांबतात. इवाकुराला बहुतेक सर्व प्रकारच्या गाड्या थांबत असल्याने मला यातले थोडेच लागू होते. पण साको किंवा हिगाशी-बिवाजिमा अशा लहान स्थानकांवर राहणाऱ्यांना पाटीवरची प्रत्येक ओळ शेवटपर्यंत वाचावी लागते.

पाटी वाचता येत नसेल तर कान आहेत. मधल्या फलाटावर उंचावर एक काचेची खोली आहे. तिथे बसलेला कर्मचारी पडद्यांवर फलाट पाहत गाड्यांची घोषणा स्वतःच्या आवाजात करतो. पुढची गाडी कुठली, कोणत्या प्रकारची, किती डब्यांची, कोणत्या रंगाजवळ उभे राहायचे, एवढे सगळे सांगून होते न होते तोच गाडी आत आलेली असते. मग दारे बंद होत असल्याची सूचना आणि लगेच पुढच्या गाडीचे नाव. त्या आवाजात घाई असते, पण त्रागा नसतो. सुरुवातीला मला त्यातले आकडे आणि स्थानकांची नावे तेवढी कळत. पुढे पुढे ‘इवाकुरा’ हा शब्द शंभर शब्दांतूनही आपोआप कानाला ऐकू येऊ लागला. यंत्राने बोललेली घोषणा गर्दीच्या त्या त्या क्षणाला बघून आपला सूर बदलू शकत नाही, आणि या स्थानकात प्रत्येक मिनिटाला परिस्थिती बदलते. तिथे माणूस बसवण्याचा निर्णय मला अतिशय शहाणपणाचा वाटतो.

सकाळचा प्रवास त्या मानाने सोपा. इवाकुराहून निघालेली गाडी पंधरा-एक मिनिटांत साको मागे टाकते, रुळांच्या जंजाळाखालून बोगद्यात शिरते आणि मधल्या फलाटाकडची दारे उघडतात. उतरायचे, लोंढ्याबरोबर जिना चढायचा, कार्ड टेकवायचे. यात शिकण्यासारखे एवढेच, की आपल्या कामाच्या फाटकाजवळचा जिना कोणत्या डब्यासमोर येतो ते ध्यानात ठेवून इवाकुरालाच त्या डब्यात चढावे.

या व्यवस्थेचे मला मनापासून कौतुक आहे, तरी तिचा भार कुणावर पडतो हेही लिहिले पाहिजे. फलाट अरुंद आहेत, खांबांनी आणखी अरुंद केलेले आहेत. निरनिराळ्या लांबीच्या गाड्या निरनिराळ्या जागी थांबत असल्याने फलाटाच्या कडेला सरकती सुरक्षाद्वारे बसवणे इथे अत्यंत कठीण. मोठी बॅग घेऊन विमानतळाकडे निघालेला पाहुणा, काठी टेकत चालणारे आजोबा, लहान मूल कडेवर घेतलेली आई यांना रंगांची ही शिस्त शिकण्याइतका अवधी मिळत नाही, आणि रांग त्यांच्यासाठी थांबू शकत नाही. रोजच्या प्रवाशांना सगळे पाठ असल्यामुळेच स्थानक चालते, पण ज्याला पाठ नाही त्याची त्यामुळेच अधिक अडचण होते. मी रांगेत असताना कुणी गोंधळलेले दिसले तर आता न विचारता बोट करून रंग दाखवते. त्यासाठी भाषा यावी लागत नाही.

गाड्या रखडल्या तर काय करायचे, तेही पासधारकाने समजून घ्यायला हवे. मार्गिका दोनच असल्याने एका गाडीचा खोळंबा मागच्या सर्वांपर्यंत पोहोचतो. अशा वेळी रेल्वे कंपन्या एकमेकींच्या प्रवाशांना पर्यायी मार्गाने नेण्याची सोय जाहीर करतात, आणि ज्याच्या पासाच्या हद्दीत खंड पडला आहे त्याला दुसऱ्या कंपनीच्या गाडीने जादा पैसे न देता जाता येते. कार्डात भरलेले पैसे खर्चून रोज प्रवास करणाऱ्याला सहसा ही सवलत मिळत नाही. ती आधी तिकीट किंवा पास घेतलेल्यांसाठीच असते. कार्यालयात उशिरा पोहोचल्यास दाखवायला रेल्वेचा विलंबाचा दाखलाही मिळतो. पासाचा विचार करताना लोक फक्त किती येन वाचले ते मोजतात. माझ्या मते ही हमी त्याहून कमी मोलाची नाही.

२०२५ साली स्थानक परिसराच्या पुनर्विकासाचा जो आराखडा जाहीर झाला, त्यात दोनच्या चार मार्गिका करण्याचे ठरले होते. चालू स्थानकाच्या भोवती, इमारतींच्या पायांमधून, दर दोन-अडीच मिनिटांची गाडी न थांबवता हे काम करायचे म्हणजे ते लवकर होणारे नाही. झाले तर विमानतळाची गाडी पकडायला निघालेल्या पाहुण्याला गिफूच्या रांगेतून वाट काढावी लागणार नाही, फलाट रुंद होतील, आणि गाडीला थांबायला थोडा अधिक अवकाश मिळेल. आमच्या कार्यालयात भारतातून कुणी नवे आले की त्यांना अजून तरी मीच संध्याकाळी फलाट क्रमांक १ वर घेऊन जाते, पाटी दाखवते, पट्टी दाखवते, आणि गिफूची गाडी मुद्दाम समोरून जाऊ देते.